नरहरीशेठची आवणी

"असं नाय शेठ, आंगठा खाली दाबा," देवू म्हणाला. नरहरीशेठनी गवताची काडी अंगणात दाबली. काडी आडवी झाली. शेठ तिसऱ्यांदा कमरेवर हात ठेवून उभे राहिले.

साठी उलटलेला हा मालक भर पावसात अंगणात गवत लावत होता, त्याला कारण होतं. ओढ्याकाठचं दीड एकर भातशेत आधी देवूचा बाप कसायचा, आता देवू. कागदावर मात्र जमीन शेठची आणि कसणाराही शेठच. पंच्याहत्तर साली गावात कळलं की कसणाऱ्याच्या नावावर जमीन होते. देवूनं अर्ज केला. परवा पालघरहून साहेब येऊन, खरं कोण कसतो याचा बांधावरच सोक्षमोक्ष लावणार होते.

आता शेठची शेती म्हणजे उंटावरून शेळ्या हाकणं. शेठ ओट्यावरून हाकायचे, एवढाच फरक. म्हणून त्यांनी देवूलाच बोलावणं धाडलं. भाताची रोपं लावायची ती आवणी शिकव, नाहीतर झोपडी मोड, म्हणाले. झोपडी शेठच्याच माळावर होती.

देवूनं शिकवलं. धोतर कुठं खोचायचं, रोपांची मूठ डाव्या हातात कशी धरायची, एका वेळी काड्या तीनच. शेठना हुरूप चढला. गवत लावत लावत ते तुळशीपासून फाटकापर्यंत पुढं गेले. देवूच्या ओठावर काहीतरी आलं आणि तिथंच अडलं. मग रिवाजाप्रमाणे हात जोडून, शेठना पाठ न दाखवता, तो मागं मागं सरत अंगणाबाहेर पडला. दरवेळी गोठ्याच्या खांबावर आपटायचा, तसा आजही आपटला.

घरी बायकोनं, नवसीनं, त्याला फाडून खाल्लं. आपलीच जमीन आपल्याच हातानं घालवून आलास, म्हणाली. शेत गेलं तर बाराही महिने वीटभट्टीवर राहावं लागेल, हे दोघांनाही ठाऊक होतं.

ठरल्या दिवशी साहेब आले आणि छत्री धरून बांधावर उभे राहिले. शेठनी सांगितलं की गेली चाळीस वर्षं ते ह्याच हातांनी आवणी करतात, साहेबांनी बघावंच. आणि उतरले की चिखलात!

खोटं कशाला बोला, शेठ झकास लावत होते. अंगठा बरोब्बर, काड्या मोजून तीन. नवसीनं पदर तोंडात कोंबला. तिचे खांदे गदगदा हलायला लागले. बायको रडतेय असं वाटून देवूची मान आणखीच खाली गेली. शेठ झपाझप पुढं पुढं लावत थेट समोरच्या बांधाला भिडले आणि चिखलाचे हात वर करून उभे राहिले.

"शेठ," साहेब म्हणाले, "जरा वळून बघा."

शेठ वळले. एक रोप उभं असेल तर शपथ. लावलेलं सगळं त्यांनीच तुडवलं होतं. ह्या बांधापासून त्या बांधापर्यंत नुसती त्यांची पावलं. नवसीला आता हसू आवरेना, ती मटकन खालीच बसली.

मग साहेबांनी देवूला उतरवलं. देवू वाकला आणि एकेक पाऊल मागं घेत लावत गेला. त्याच्यासमोर हिरवी ओळ उभी राहिली. साहेबांनी तिथंच कागद काढला आणि कसणाऱ्याच्या रकान्यात देवूचं नाव घातलं.

शेठ चिखलातूनच कडाडले. "लबाडा, मागं सरत लावायचं असतं, हे तेवढं का नाही सांगितलंस?"

देवू खरोखरच ओशाळला. त्यानं हात जोडले.

"मालकाला 'मागं सरा' कसं म्हननार, शेठ? ते तर तुमी आमाला म्हनायचं."