छातीवरचे हात

"दाबा," नर्स मर्सी अरबीत म्हणाली. "छातीच्या मधोमध. दोन्ही हातांनी."

कमांडर अबकर जागचा हलला नाही. हॉटेलच्या कॉरिडॉरमध्ये, त्याच्या पायाशी कर्नल तिजानी पडला होता. डोळे अर्धवट उघडे, ओठ निळे. सुदानमधल्या दारफुरच्या लढाईत दोघं एकमेकांविरुद्ध उभे होते. त्या लढाईने शेजारच्या चाडमधल्या निर्वासितांच्या छावण्याही माणसांनी भरल्या होत्या. आता दोहात दोन्ही बाजूंच्या वाटाघाटी चालल्या होत्या आणि चहाच्या सुट्टीत कर्नल अचानक कोसळला होता. गार्ड अँब्युलन्ससाठी खाली धावला होता. मर्सी एकटीच त्याची छाती दाबत होती. तिचे हात भरून आले होते.

"सिस्टर, हा माणूस कोण आहे, ठाऊक आहे?" अबकरने विचारलं.

"नंतर सांगा. आधी दाबा."

अबकर गुडघ्यांवर बसला. त्याने हात ठेवले आणि दाबायला सुरुवात केली. मर्सी कर्नलच्या तोंडावर मास्क धरून श्वास देऊ लागली. मध्येच कट्‌कन आवाज झाला. अबकर दचकला.

"बरगडी आहे. थांबू नका."

तो थांबला नाही. डोक्याचा फेटा सुटून खांद्यावर आला, घाम कर्नलच्या वर्दीवर टपकत राहिला, तरी थांबला नाही. अँब्युलन्सवाले आले तेव्हा त्यांना त्याचे हात धरून बाजूला करावे लागले. शॉक दिल्यावर कर्नलचं हृदय पुन्हा चालू झालं.

दुसऱ्या दिवशी ही बातमी पेपरात आली. वैऱ्याने वैऱ्याला वाचवलं. मध्यस्थांनी अबकरला मिठी मारली. जे काम टेबलावर होत नव्हतं ते कॉरिडॉरमध्ये झालं, असं लोक बोलू लागले. अबकर मिठीतून सुटला आणि हॉस्पिटलचा पत्ता विचारू लागला.

मर्सीला हॉस्पिटलने वाटाघाटींपुरतं हॉटेलात पाठवलं होतं. ती परत आपल्या हार्ट वॉर्डात आली. कर्नल तिथेच होता, घशात नळी, बेशुद्ध. आणि दाराबाहेरच्या बाकावर अबकर. सकाळी यायचा, संध्याकाळी जायचा. दुसऱ्या बाजूच्या कुणालाही आत सोडायचं नाही, अशी सक्त सूचना होती. तो आत सोडा असं म्हणतही नव्हता. डॉक्टर बाहेर आले की एकच विचारायचा, "जगेल ना?"

मर्सीने हे नवऱ्याला फोनवर सांगितलं. आल्फ्रेड दोहाजवळच्या मेसईदला खताच्या कारखान्यात होता.

"तू त्या भानगडीत पडू नकोस," तो म्हणाला. "काही कमी-जास्त झालं तर आपल्याला पहिल्या विमानाने वसईला पाठवतील. आपल्या आंद्रियाचं दहावीचं वर्ष आहे."

"तो नुसता बसलेला असतो रे. पेशंटसाठी सख्खा भाऊ बसत नाही असा."

"बसू दे. तू दार उघडू नकोस म्हणजे झालं."

कर्नलची नळी काढली त्या दुपारी अबकर बाकावरून उठला. दारावरचा पोलीस नमाजाला गेला होता.

"सिस्टर, तो बोलतो का?"

"थोडं थोडं."

"मला आत जायचंय."

मर्सी त्याच्याकडे बघत राहिली. सूचना तिला पाठ होती, आल्फ्रेडचे शब्दही कानात होते. अबकरने न सांगताच दोन्ही खिसे उलटे करून दाखवले. एक जपमाळ आणि एक मोबाइल.

"मी पलंगाशी उभी राहीन," ती म्हणाली. "आणि मी सांगितलं की लगेच निघायचं."

त्याने मान हलवली. दार ढकलता ढकलता ती हळूच म्हणाली, "माफ करणं सोपं नसतं. देव तुमचं भलं करो."

त्याने एकदा तिच्याकडे पाहिलं आणि आत शिरला.

कर्नलने डोळे उघडले. समोर कोण आहे ते कळताच त्याचा हात चादरीवर आवळला. मॉनिटरवरचे आकडे चढू लागले. मर्सी एक पाऊल पुढे सरकली.

"घाबरू नकोस," अबकर म्हणाला. "सगळ्यांना वाटतं मी तुला माफ केलं. ह्या सिस्टरलाही वाटतं. मी केलेलं नाही."

अबकरने पलंगाचा कठडा धरला.

"माझ्या यह्याला तुझ्या माणसांनी गावातून उचललं. त्या माणसांतलं आता कुणी उरलं नाही. तो कुठे आहे ते सांगणारा तू एकटाच आहेस. तू त्या दिवशी मेला असतास, तर माझा मुलगा दुसऱ्यांदा हरवला असता. म्हणून माझे हात थांबले नाहीत."

आता त्याला बाहेर काढायला हवं, हे मर्सीला कळत होतं. ती तशीच उभी राहिली.

कर्नलने डोळे मिटून घेतले. बोलला तेव्हा त्याचा आवाज घोगरा होता, प्रत्येक श्वासाला बरगडी दुखत होती.

"कोरड्या नदीच्या काठाला. जुन्या विहिरीच्या पूर्वेला. माझ्या पोरांनी तो गेल्यावर तसाच टाकला होता. मी स्वतः खड्डा खणला. तोंड काब्याकडे केलं." तो थांबला. "गोळी पोटात होती. रात्रभर मी त्याच्याजवळ होतो. पहाटे गेला."

अबकरने कोपऱ्यातलं स्टूल ओढलं आणि कर्नलच्या उशाशी बसला.

"रात्रभर," तो म्हणाला. "म्हणजे तो काहीतरी बोलला असेल. सांग मला."