सोमवारचं मौन

"देवके, झरीचा पाणी कोणी मागल्यान तर घागर भरून दी. झर मागूक इलो तर मात्र गप रव नको."

सासऱ्यांचा तो आवाज देवकीला मंत्र्यांच्या थंडगार दालनात ऐकू आला. "नाय रवूचंय, मामांनू," असं तिनं त्यांच्या शेवटच्या दुखण्यात उशाशी बसून कबूल केलं होतं.

आज सोमवार. सोमवारी उजाडल्यापासून दिवेलागणीपर्यंत ती बोलत नसे. एकोणीस वर्षांत एकही सोमवार चुकला नव्हता.

तिच्या शेजारी कोरगावच्या भजनी मंडळाच्या आठ बायका पदर सावरून बसल्या होत्या. त्यांना गाडी करून पणजीला आणणारा दत्तप्रसाद मंत्र्यांपुढे नकाशा उलगडत होता. तो किनारा पर्यटन मंचाचा चिटणीस. मंच हॉटेलवाल्यांचा आणि जमिनी घेणाऱ्यांचा; दत्तप्रसादची बोलायची रीत मात्र देवळात बोलल्यासारखी, मवाळ.

"हा डोंगर, साहेब. सध्या हिरव्या पट्ट्यात आहे. बांधकामाच्या पट्ट्यात आला की गावाचं सोनं होईल."

"आदेशाचा मसुदा?"

"आमच्या वकिलांनी टाईप करूनच आणलाय. तुमच्या माणसांना त्रास नको."

मंत्र्यांनी पानं चाळली. "हरकती किती आल्या?"

"एकही नाही. आज शेवटचा दिवस. आवक खिडकी चारला बंद होते. आणि हे गावाचं समर्थनाचं पत्र, भजनी मंडळाच्या शिक्क्यानिशी."

मंडळाची अध्यक्षीण म्हणून शिक्का देवकीनं मारला होता. भजनमंडपावर नवे पत्रे घालून देतो, असं दत्तप्रसाद म्हणाला होता. पावसाळ्यात गळतीखाली बालद्या मांडून टाळ वाजवायला बायका कंटाळल्या होत्या.

"या डोंगराखालीच ती झर ना? देवाला जिचं पाणी लागतं?" मंत्र्यांनी मान वर केली. "डोंगरावर बंगले आले की बोअरवेल आल्या. झर आटेल अशी भीती नाही ना गावाला?"

ते थेट देवकीकडे बघत होते. तिच्या जिभेवर शब्द आला.

"अध्यक्षीणबाईंचं आज मौन असतं, साहेब," दत्तप्रसाद हसून म्हणाला. "कडक व्रत. दिवसभर झरीच्या पाण्याशिवाय काही घेत नाहीत. ती बघा, बाटली घेऊनच आल्यात. असं माणूस आमच्याबरोबर आलं, यातच सगळं आलं."

मंत्र्यांनी हात जोडले. "अशी माणसं पाठीशी असली की सही करायला बळ येतं. उद्या करून टाकू."

देवकीनंही हात जोडले. सवयीनं. तेवढ्यात फोटो निघाला.

खाली उपाहारगृहात बायकांनी भाजी-पाव मागवला. त्यांची भीड चेपली होती.

"मंत्र्याची खुर्ची बघलंस गो?" संजना म्हणाली. "तिका चाकां आसत. खंयच्याय बाजूक फिरता."

सगळ्या पदर तोंडाला लावून हसल्या. देवकी हसली नाही. संजना तिची चुलत जाऊ. तिनं आपली खुर्ची जवळ ओढली.

"वयनी, एक विचारू? दत्तप्रसाद सोमवार नायतर बुधवार म्हणी होतो. तू सोमवारच कित्याक धरलंस? बुधवारी इल्लो असतंव तर तुका बोलूक तरी गावला असता."

आज उत्तर देण्याची देवकीला गरज नव्हती. तिनं बाटली उघडली आणि न पिताच पुन्हा बूच लावलं. दत्तप्रसादचं वाक्य पुरं व्हायच्या आधीच ती 'सोमवार' म्हणाली होती. देवाला दिलेला दिवस तिनं बोलावं लागू नये म्हणून वापरला होता, हे तिच्याशिवाय कुणालाच ठाऊक नव्हतं. बायकांना वाटत होतं, वयनी उपासानं दमल्या.

भिंतीवरच्या घड्याळात तीन वाजून गेले होते.

तिनं पिशवीतून भजनांची वही काढली. मागचं एक कोरं पान सावकाश, दोऱ्यापासून फाडलं.

"संजना, पेन आसा?"

टेबलावरचे सगळे हात थांबले.

"अगो वयनी! मौन!"

"सकाळीच मोडूक होया होता."

पेन कुणीतरी पुढे केलं. देवकीनं वाकून लिहिलं: 'समर्थनाच्या पत्रावर शिक्का मी मारला. वाचून मारला. ते चुकलं. डोंगर देऊ नये, झर जाईल.' खाली पूर्ण नाव घातलं, सासऱ्यांच्या घराचा क्रमांक घातला. संजनानं ते खांद्यावरून वाचलं. तिचा आवाज खाली गेला.

"आणि मंडपाचे पत्रे?"

"बालद्यो आसत मां."

दारापाशी, लिफ्टसमोर दत्तप्रसाद फोनवर बोलत होता. "झालं काम," असं काहीसं तो म्हणाला, आणि तिला पाहून अदबीनं बाजूला सरकला. आवक खिडकी दुसऱ्या मजल्यावर होती. देवकी जिन्याकडे वळली.

सकाळपासून न वापरलेला आवाज घोगरा लागत होता. खिडकीवरच्या माणसाला ऐकू गेला पाहिजे. एका हातात कागद, एका हातात बाटली घेऊन ती चढू लागली, आणि नवा अभंग पाठ करावा तसं पायरीपायरीला हळूच म्हणू लागली,

"माझी हरकत आहे. माझी हरकत आहे."