शब्दन् शब्द

दारावरच्या पहारेकऱ्यानं आजही तिचं ओळखपत्र उलटसुलट करून पाहिलं. आश्रय मागायला आलेल्यांच्या या कार्यालयात ती नऊ वर्षं दुभाषी होती, रोज याच दारानं यायची. तिच्या मागून आलेले दोन कारकून, इथलेच जन्मलेले, नुसती मान हलवून आत गेले. ओळखपत्र परत घेऊन ती आत गेली. बोलून काय होतं, हे तिला पहिल्याच वर्षी कळलं होतं.

वरच्या मजल्यावर बाकावर एक माणूस बसला होता. वय पन्नाशीचं, पण दिसायला सत्तरीचा. हॉटेलांच्या चादरी धुणाऱ्या कारखान्यात, तळघरात, तो राबायचा. तिथं सहा देशांची माणसं होती आणि मुकादम सोडला तर इथला एकही नव्हता. साबणाच्या पाण्यानं त्याच्या हातांची सालं निघाली होती. आपल्या भाषेत कुणीतरी 'काका' म्हणतंय हे ऐकून तो उठूनच उभा राहिला.

तिनं त्याला बसवलं, पाणी आणून दिलं. कुठल्या भागातली, असं त्यानं विचारलं. तुमच्याच बाजूची, ती म्हणाली. त्याचा चेहरा उजळला. दोन वर्षं तो खाणाखुणांवर जगत होता. एकदा दुकानात मीठ मागायला जिभेला बोट लावून तोंड वाकडं केलं, तर दुकानदारानं दातदुखीचं औषध काढून दिलं होतं. ती हसली. तोही हसला.

मग तो गंभीर झाला. "ताई, सांगण्यासारखं माझ्याकडे एवढंच आहे. त्यातलं काही गाळू नका."

"शब्दन् शब्द सांगेन, काका."

आतला अधिकारी तरुण होता, घाईत होता. तुमच्याकडचे सगळे एकच गोष्ट सांगतात, असं तो तिच्याकडे बघतच म्हणाला. 'तुमच्याकडचे' म्हणजे कोण, हे तिनं विचारलं नाही. वही उघडून ती बसली.

माणूस बोलू लागला. तो वीटभट्टीवर जन्मला, त्याचा बापही तिथंच. त्याच्या जातकुळीला गावात घर बांधायची मुभा नव्हती. भट्टीमागं पत्र्याच्या खोल्यांची रांग होती, तिथं सगळे राहायचे. त्याची मुलगी अकरा वर्षांची, चुणचुणीत. कोळशानं भिंतीवर अक्षरं काढायची. त्यानं आणि आणखी चौघांनी मुलांना गावच्या शाळेत घालायचं ठरवलं. भट्टीचा मालक एवढंच म्हणाला, की असं झालं तर उद्या विटा कोण थापणार.

आठवड्यानं, भर दुपारी, रांग पेटली. तो गाडी भरायला गेला होता. धूर बघून धावत आला, तेव्हा त्याच्या खोलीची कडी बाहेरून लावलेली होती. आत बायको होती, मुलगी होती. मालक विहिरीपाशी उभा होता आणि कुणाला पाण्याला हात लावू देत नव्हता. हे त्यानं स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलं होतं. पोलिसांनी लिहून घेतलं नाही. उलट, पुन्हा तोंड उघडलंस तर तूही जळशील, असा मालकाचा निरोप आला.

तो थांबला की ती बोलायची. त्याची चार वाक्यं, तिचं एक. मध्येच त्यानं विचारलं, एवढ्यात झालंसुद्धा?

"यांची भाषा कंजूष आहे, काका," ती हळूच म्हणाली.

शेवटी त्यानं मालकाचं नाव घेतलं. पूर्ण नाव, बापाच्या नावासकट. दोनदा घेतलं आणि टेबलावर बोट टेकवून म्हणाला, "हे लिहून घ्यायला सांगा."

तिनं पाण्याचा घोट घेतला. मग अधिकाऱ्याकडे वळून, न अडखळता, एका दमात बोलली. अधिकाऱ्यानं लिहून घेतलं. त्याचं पेन कागदावर चालताना बघून त्या माणसाचे डोळे भरून आले. दोन वर्षांत, तो म्हणाला, पहिल्यांदा कुणीतरी लिहिलं.

दोन महिन्यांनी तो पत्र घेऊन तिला शोधत आला. उपाहारगृहात दुभाष्यांना बसायची सोय नव्हती, म्हणून मागच्या जिन्याच्या पायरीवर बसून तिनं ते वाचून दाखवलं. अर्ज फेटाळला होता. खोल्यांना लागलेली आग हा अपघात होता. अर्जदाराला कुणापासूनही धोका नव्हता, तो कामाच्या शोधात आला होता. चौदा दिवसांत त्यानं देश सोडायचा होता.

"अपघात?" तो म्हणाला. "मी सांगितलं ना, ताई?"

"सांगितलंत, काका."

"मग?"

तिनं नजर पायरीकडे वळवली. "इथं आपलं कोण ऐकतं," ती म्हणाली.

पुढे कुठं दाद मागता येते का, असं त्यानं विचारलं. ती नाही म्हणाली. मग त्यानं पत्र तिच्याकडून घेतलं, नीट घडी करून खिशात ठेवलं. तुम्ही तरी काय करणार, तो म्हणाला, तुम्ही तुमचं केलंत. तिच्या डोक्यावर सोललेला हात ठेवून तो जिना उतरून गेला.

त्या दिवशी ती लवकर घरी आली. सातव्या मजल्यावरच्या दोन खोल्या. गेल्या वर्षी तिनं वडिलांना इथं आणलं होतं. त्यांच्या इथं राहण्याच्या कायमच्या परवान्याचा निर्णय अजून व्हायचा होता. ते खिडकीपाशी पांघरूण घेऊन बसले होते. तिनं चपला काढल्या, त्यांच्या पायाशी बसली आणि घसरलेलं पांघरूण सारखं केलं.

"झोपत जा आता नीट, बाबा," ती म्हणाली. "तुमचं नाव कुठल्याच कागदावर आलेलं नाही."