कोंबड्याचं ऊन

"कोंबड्याच्या फुलाला भरपूर ऊन लागतं सूनबाई. गॅलरीत जगायचं नाही ते," दृष्टी गेलेले नाना सांगायचे. सासूबाईंनी जाण्याआधी लावलेलं शेवटचं झाड होतं ते. म्हणून द्वारका चौकाजवळच्या बिल्डिंगमध्ये आभा रोज सकाळी एका कडेवर कुंडी घेऊन, दुसऱ्या हाताने सासऱ्यांना धरून गच्चीवर जायची. पोरं तुरा तोडतात म्हणून नाना दुपारपर्यंत राखणीला बसायचे.

पावसाळ्यात कुंडीत पाणी साचलं, मुळं कुजली आणि झाड गेलं. नानांना सांगायचा तिला धीर होईना. तिने जुन्या मखमली ब्लाऊजचा तुरा शिवला, काडीला बांधला आणि कुंडीत खोचला. नाना त्यावर हात फिरवून म्हणायचे, "छान भरलाय हं."

दिवाळीच्या तोंडावर एका सकाळी तो तुरा काडीवरून सुटून त्यांच्या हातातच आला. आभा पटकन पुढे झाली. "नाना, मी..."

"शिवण उसवली असेल. घाल दोन टाके," नाना म्हणाले. "खऱ्या तुऱ्याला हात लावला की काळं बी झडतं. श्रावणापासून माझ्या हाताला एक बी लागलेलं नाही."

आभा हबकलीच. "तुम्हाला माहीत होतं? मग रोज एवढे जिने चढून कशाला यायचात?"

"ऊन मला हवं असायचं गं. झाडाला हवं म्हटलं की तू लगेच न्यायचीस. मला हवं म्हणायचो, तेव्हा 'रविवारी बघू' म्हणायचीस."