मागून घातलेला घाव

किशोरने चौथं चित्र साइटवर चढवलं आणि खुर्ची मागे सरकवून बसला. चित्रात एक पोरगा कॉम्प्युटरसमोर बसला होता, कानांवर हेडफोन. त्याच्या मागे तोंड झाकलेला माणूस, हातात लोखंडी पहार. पोराचं डोकं फुटलेलं. रक्त की-बोर्डवरून टेबलाखाली ओघळलेलं.

बंदुकांचा खेळ ऑनलाइन खेळणाऱ्या पोरांची ती साइट होती. स्वतः काढलेली चित्रं टाकायला तिथे वेगळं पान होतं. पोरं राक्षस, सैनिक, उडवलेली मुंडकी काढून टाकायची. किशोर दुकानांच्या पाट्या रंगवणारा, त्याचा हात तयार. लगेच वाहवा सुरू झाली.

‘रक्त एक नंबर!’

‘भाऊ, पुढच्या वेळी मेंदू पण दाखव.’

चित्रातला पोरगा म्हणजे किशोरचा धाकटा भाऊ मयूर, हे त्यांतल्या कुणाला माहीत नव्हतं.

मयूर गेला तो मागच्या श्रावणात, सोमवारी. आई सावित्रीबाई त्र्यंबकेश्वरला गेल्या होत्या. त्या नाशिक रोडला परतल्या तेव्हा किशोर दाराबाहेरच्या ओट्यावर डोकं धरून बसला होता. आत मयूर खुर्चीखाली पडलेला. कवटीचा एक भाग आत गेलेला. कपाट फोडलेलं, दागिने गायब. चोर घुसले असतील, असं पोलीस म्हणाले. चोर काही सापडले नाहीत.

कॉलनीला मात्र राजचा संशय होता. राज मयूरबरोबर खेळायचा आणि हरला की मारायच्या धमक्या द्यायचा. पोलिसांनी त्याला चौकशी करून सोडलं. मग एका संध्याकाळी किशोरने त्याला भाजी बाजारात गाठलं. कॉलर धरून खाली पाडलं आणि तोंडावर लाथा घालत सुटला. राजचे दात पडले, जबडा निखळला. तरी तो हात जोडून ओरडत होता, “मी नव्हतो रे! आईशप्पथ, मी नव्हतो!”

गर्दी जमली, पण मध्ये कुणी पडलं नाही. ज्याचा भाऊ गेला त्याला कोण अडवणार? सावित्रीबाई भाजीची पिशवी घेऊन तिथेच उभ्या होत्या.

“मार अजून,” त्या म्हणाल्या होत्या.

राजच्या घरच्यांनी तक्रार केली नाही. पोराला घेऊन ते नाशिकच सोडून गेले.

त्यानंतर किशोर चित्रं काढायला लागला.

“पुन्हा तेच काढलंस?” सावित्रीबाईंनी त्याच्या खांद्यावरून वाकून पाहिलं आणि मान फिरवली. “माझ्याच्याने बघवत नाही रे.”

“आई, त्याचा हेडफोन चालू होता. खेळताना ही पोरं एकमेकांशी बोलतात. पलीकडे जो कुणी होता, त्याने सगळं ऐकलंय.”

“ऐकलं असतं तर तेव्हाच बोलला असता.”

“घाबरला असेल. चित्र बघितल्यावर राहवणार नाही त्याला.”

आणि खरंच राहवलं नाही. पोरांच्या वाहवेत एक दिवस वेगळीच ओळ आली. ‘हे चित्र चुकलंय. घाव मागून नव्हता घातला. आधी भांडण झालं होतं.’

किशोरने ती ओळ दोनदा वाचली. त्याने त्या नावाला स्वतंत्र निरोप पाठवला. ‘मी मयूरचा भाऊ. एकदा भेट.’ उत्तर यायला वेळ लागला. ‘मी मुलगी आहे. तुमच्या आई घरी असतील तरच येईन.’

किशोरने लिहिलं, ‘ये. आई आहे.’

रविवारी दुपारी ती आली. दीपमाला नाव, पेठ तालुक्यातली, नाशिकला नर्सिंग शिकत होती. मामाकडे राहायची आणि मामेभावाच्या कॉम्प्युटरवर चोरून खेळायची. मयूरला तिने कधी पाहिलं नव्हतं, नुसता आवाज ओळखीचा. खोलीत आल्या आल्या ती सावित्रीबाईंच्या पाया पडली आणि रडायला लागली.

“पोलिसांकडे जायला पाहिजे होतं मी. मामा घराबाहेर काढतील म्हणून गप्प बसले. पण ते आवाज झोपेतसुद्धा येतात मला.”

“रडू नको बाळ,” सावित्रीबाई म्हणाल्या. त्यांनी खोलीतच पलीकडे स्वयंपाकाच्या ओट्यावर चहाचं पातेलं चढवलं. “माझं लेकरू शेवटी काय म्हणालं, तेवढं सांग मला.”

“खेळातल्या गोळ्यांचा आवाज फार होता. दुसऱ्या माणसाचं काही समजलं नाही. मयूर मात्र ओरडत होता. मग हाड मोडल्यासारखा आवाज आला. तो कळवळला. नंतर पुन्हा तसाच.” दीपमालाने ओढणी तोंडाशी धरली. “म्हणाला, ‘दादा, नको ना. मी आईला नाही सांगणार, दादा.’ मग वायर उपटल्यासारखं सगळं बंद झालं.”



“दादा म्हणाला म्हणून मला वाटलं, गल्लीतला कुणी गुंड असेल,” दीपमाला म्हणाली. “आईला ओळखणारा.”

चहा उकळून वर आला, गॅसवर सांडला. सावित्रीबाईंनी गॅस कमी केला नाही.

किशोरने शांतपणे विचारलं, “हे अजून कुणाला सांगितलंस?”

“कुणालाच नाही. तुम्हालाच पहिल्यांदा सांगतेय.”

“इथे आलीस हे मामाला माहितीये?”

“नाही.”

किशोर उठला. त्याने पुढचं दार लोटलं, कडी घातली आणि दारामागे हात घालून लोखंडी पहार बाहेर काढली.

सावित्रीबाईंनी पदराने धरून उकळतं पातेलं उचललं आणि पोटच्या पोराच्या तोंडावर फेकलं.

“मागचं दार उघडं आहे, पोरी,” त्या ओरडल्या. “पळ!”