मिठागरावरचा बाबा

रखमाबाईंनी पदराने पुसून दिलेली डिस्क दिपेशने आपल्या दुकानाच्या दारात उजेडाकडे धरली. चकाकीचे पोपडे निघाले होते; ती आता चालणार नव्हती. डिस्कमधून पलीकडचा सिल्व्हर पार्कचा रस्ता दिसत होता.

"या गेममदी आमचे हे बोलतान," रखमाबाई म्हणाल्या. "मिठागरावरचा बाबा. सगल्यांना मीठ वडायला शिकवतो. त्यांचा आवाज दुसरीकरं कुठं न्हाय, बाला."

रखमाबाईंचा नवरा काळूराम जाऊन वर्ष झालं होतं. त्याचा आवाज घेऊन गेम काढणारी कंपनी तर केव्हाच बुडाली होती.

जुने गेम मरू नयेत म्हणून दिपेशने घरीच एक टूल लिहिलं होतं. कन्सोलची डिस्क घातली की गेम कॉम्प्युटरवर चालायचा. टूल त्याने फुकट वाटलं. त्याच टूलने भूपेशसारखे लोक गेम चोरून पेन ड्राइव्हवर विकायला लागले, तेव्हा दिपेशने भूपेशशी बोलणं टाकलं. आज नाक मुठीत धरून त्यालाच फोन केला.

भूपेश आला तो छाती काढूनच.

"चोर बोलतोस ना मला? बघ, चोराकडेच भेटला तुझा गेम. पाचशे आहेत एका ड्राइव्हमध्ये."

गेम सुरू झाला. मिठाच्या ढिगाशेजारी डोक्याला फडकं बांधलेला म्हातारा उभा होता. रखमाबाई स्टूल ओढून पुढे सरकल्या. म्हाताऱ्याने हात हलवला, मग ओठ हलवले. दुकानात नुसता पंखा घरघरत होता.

दिपेशने स्पीकरची वायर काढून पुन्हा लावली. मग गेमच्या फाइली उघडून पाहिल्या. संवादांचा फोल्डर रिकामा होता.

"आवाज कुठाय?" त्याने दबक्या आवाजात विचारलं.

"पाचशे गेम मावणार कसे? तुझ्याच टूलमध्ये बटण आहे ना, 'बोलणं वगळा, जागा वाचवा'. मी सगळ्यांना तेच लावतो."

ते बटण दिपेशने मोठ्या हौसेने टाकलं होतं. तेव्हा मित्रांनी त्याची पाठही थोपटली होती. आता कुणाला शिव्या घालणार?

पडद्यावरचा म्हातारा बोलतच होता. रखमाबाई त्याच्या ओठांकडे बघत मान डोलावत होत्या.

"माजेच कान गेले मेले," त्या ओशाळून म्हणाल्या. "जरा मोटा कर ना आवाज, बाला."

दिपेशने आवाज शेवटपर्यंत वाढवला.