ऐकणाऱ्यांचे चेहरे

“तिचं तोंड तेवढं एकदा दावा, ताई.” बायकोचं तेरावं उरकून श्रीपतीतात्या माहितीपट करणाऱ्या ताईंकडे आले होते. “आधारकार्डावर ती वळखू येत न्हाई. पर ग्रामसभेत बोलली, तवा तुमचा कॅमेरा चालू हुता.”

चालू होता. पण ताई कॅमेरा बोलणाऱ्यावर कधीच धरत नसत, ऐकणाऱ्यांवर धरत. गावाचं राजकारण तिथंच दिसतं, असं त्यांचं म्हणणं. त्यांनी चित्रण लावलं.

आवाज: “गायरान खाणीला दिलं, तर आमची शेरडं कुठं चरायची?”

चित्र: सरपंच मोबाईल बघतात. दोघंतिघं हसतात. मागं तात्या, लाजेनं मान खाली घातलेले.

आवाज: “बाई हाय म्हणून गप बसणार न्हाई मी.”

चित्र: मान तशीच खाली.

“ती कुठं दिसंना?”

“त्या चित्रात नाही आल्या, तात्या. पण शेवटपर्यंत तुमच्याकडेच बघून बोलत होत्या.”

तात्या पडद्याजवळ सरकले. त्या खाली घातलेल्या मानेला हळूच म्हणाले, “अरं, वर बघ की गड्या. एकदा बघ तिच्याकडं.”